उरेब

जुलेखाबी म्हणाली, बी नको लावूस गो,
बी म्हणजे पोर. कोणावर जाईल, कोण सांगणार?
सात वर्षं पाणी घालशील, आणि आंबट निघालं तर?
छाट ने.
छाट म्हणजे हेच झाड,
फक्त खाडीपलीकडे.

श्रावण सरत आलेला. दाभोळला तिच्या विहिरीपाशी
साखरलिंबू उभं. बुंध्याला गेरूचा जुना पट्टा,
त्यावर रस्ता रुंद करणाऱ्यांची पिवळी फुली.
पेन्सिलीएवढ्या जाड, ना कोवळ्या ना जून,
बारा काड्या घेतल्या.
माझी कात्री कापडाची. काड्यांना लावली म्हणून
आठवडाभर रुसली, पॉपलीन चावत राहिली.

छेद डोळ्याखाली. सरळ नव्हे, तिरपा.
हे मला कोणी शिकवायला नको:
उरेब कापलं की कापड ताणतं, अंगाला बसतं,
उरेब कापलं की काडीचं तोंड मोठं होतं,
तहान मोठी होते.
अस्तराच्या ओल्या चिंध्यांत गुंडाळून
लाँचमधून वेलदूरला आणल्या, मांडीवर.
शेजारची बाई सरकून बसली,
तिला वाटलं मासळी.

खाडीची वाळू घेतली नाही, तिच्यात मीठ.
वरच्या वहाळाची आणली, तांदळासारखी धुतली,
त्यात सोडणाचा भुसा, अर्धा अर्धा.
तोंडाला कोरफडीचा गर. वर पाण्याच्या बाटल्या,
बूड कापलेल्या.
मशीनच्या उजव्या हाताला, खिडकीखाली
बारा बाटल्या आतून घामेजून बसलेल्या,
माप द्यायला आलेल्या मुलींसारख्या.

पंधरा दिवसांत आठांना पालवी.
येईल त्या गिऱ्हाइकाला दाखवली.
मंजिरी तांडेलचे लग्नातले ब्लाउज त्या नादात उशिरा गेले,
एकाला हुकच लावायचे राहिले.
गणपती जाताजाता पालवी काळी.
तेव्हा कळलं, पान फुटलं म्हणजे मूळ फुटलं असं नाही.
काडी गाठोड्यातलं काढून खाते,
दाराला तोरण लावते,
आत चूल थंड.

उरल्या तीन. आणि मी सवयीची उसवणारी,
टीप नीट पडली का ते उलटून बघणारी.
एका रविवारी एक उपटली. खाली
पांढरी गाठ, भरत आलेल्या जखमेसारखी,
तिच्यातून निघालेला एकच दोरा,
सुईच्या नेढ्यातून जाईल एवढा.
पाहिला, आणि तुटला.
त्यानंतर उरलेल्या दोघींना हात लावला नाही.
आपल्याच हाताची अशी भीती
मला आधी कधी वाटली नव्हती.

दिवाळीनंतर दाभोळचं झाड गेलं, दहा मिनिटांत.
जुलेखाबी मुंब्र्याला लेकीकडे, चौथा मजला.
दुपारी फोन करते. कोण आजारी, कोण गेलं,
बांगडा काय भाव,
मग बराच वेळ समुद्रासारखा आवाज, पंख्याचा असावा.
मग: जगलं?
दोन, मी सांगते. एक तुझं.
इक्बालच्या टेम्पोतून पाठवते, तेलाच्या डब्यात लावून.
इथं कुठं ऊन, ती म्हणते,
ग्रिलवर कपडे असतात.
पण नको असं म्हणत नाही.

वय काय लिहावं डब्यावर?
सहा महिने?
की तिच्या सासऱ्याने विहीर खणली तेव्हापासूनचं?
उंची माझी एक वीत.

काटे आले का, ती विचारते.
फोन कानाशी धरून वाकते. पानाच्या बगलेत
एक आहे. हिरवा.
आला, म्हणते.
टोचतो?
बोट लावून बघते.
अजून नाही.

टोचेल, ती म्हणते,
आणि आतून लेक हाक मारते म्हणून फोन ठेवते.